सेक्टरवाल्या शहराची गोष्ट

पत्ता सांगा बरं तुमचा!

गिरगावकराला विचारलं तर तो वाडीचं नाव सांगतो. पार्लेकर रोडचं नाव सांगतो आणि वर एखाद्या देवळाची खूण देतो. पुणेकर पेठ सांगतो, आणि सोबत कोणत्या वेळेत यायचं नाही तेही. आणि आपण नवी मुंबईकर? सेक्टर दहा, प्लॉट अमुक, रो-हाऊस तमुक. त्यात पुन्हा 'वाशीचा सेक्टर दहा की नेरूळचा?' हा प्रश्न येतोच, कारण दोन्हीकडे सेक्टर दहा आहे. मुंबईतले मित्र यावरून आपल्याला भरपूर पिडतात. 'अरे, तुमचं शहर आहे की एक्सेल शीट?'

पण बॉस, या एक्सेल शीटमागे एक जबरदस्त स्टोरी आहे. बहुतेक शहरांत आधी माणसं येतात, मग पायवाट होते, पायवाटेचा रस्ता होतो, रस्त्याला नाव पडतं आणि सगळ्यात शेवटी नगरपालिका येऊन नकाशा काढते. आपल्याकडे सगळं उलटं झालं. आधी नकाशा आला, मग आपण आलो. आणि तो नकाशा ज्यांनी काढला, त्यांच्यातल्या एकाचं नाव होतं चार्ल्स कोरिया.

साखळी घेऊन निघालेले लोक

'आधी नकाशा, मग माणसं' ही स्टाइल खरं तर अमेरिकन. तिकडे सर्व्हेअर म्हणजे एकदम हिरो माणूस. जॉर्ज वॉशिंग्टन राष्ट्राध्यक्ष वगैरे फार नंतर झाले. १७४९ मध्ये, वयाच्या १७ व्या वर्षी, त्यांचा पहिला जॉब सर्व्हेअरचा होता. १७८५ मध्ये तिकडे कायदाच झाला की, पश्चिमेकडची जमीन आधी ६ मैल बाय ६ मैलांच्या चौकोनांत मोजायची आणि मग विकायची. खांद्यावर ६६ फुटांची साखळी टाकून माणसं जंगलात शिरली, खुंट्या ठोकत गेली आणि त्या खुंट्यांवर पुढे गावं उभी राहिली.

ही साखळी आपल्याला परकी नाही बरं का. ६६ च्या निम्मे किती? ३३. आपल्याकडच्या जमीन मोजणीत ३३ फुटांचीच साखळी चालायची. ३३ बाय ३३ म्हणजे १०८९ चौरस फूट, म्हणजे एक गुंठा! कर्जत-नेरळच्या प्लॉटच्या जाहिरातीत जो गुंठा वाचून आपण कॅलक्युलेटर काढतो, तोच हा.

अमेरिकेतल्या त्या चौकोनांत एकच प्रॉब्लेम होता. नकाशावर जागा रिकामी दिसत होती, पण ती रिकामी नव्हती. तिथे आधीपासून माणसं राहत होती. ही गोष्ट लक्षात ठेवा. आपण पुन्हा तिच्यावर येणार आहोत.

टॉय ट्रेनवाला मुलगा

चार्ल्स कोरिया मूळचे गोव्याच्या कुटुंबातले. जन्म १ सप्टेंबर १९३०, सिकंदराबाद. लहानपणी त्यांना टॉय ट्रेनचं भयंकर वेड होतं. रूळ कसे टाकायचे, स्टेशन कुठे ठेवायचं, गाडी कुठून फिरवायची याचे कागदावर आराखडे काढण्यात ते तासन्तास घालवायचे. आर्किटेक्चरची गोडी तिथेच लागली, असं ते पुढे सांगत. मुंबईत सेंट झेवियर्स कॉलेज, मग अमेरिकेत मिशिगन आणि एमआयटी. १९५५ मध्ये डिग्री घेऊन पठ्ठ्या सरळ मुंबईला परत आला. ग्रीन कार्डच्या रांगेत उभं राहण्याची आयडिया त्यांना सुचली नाही, हे आपलं नशीब.

अहमदाबादच्या साबरमती आश्रमातलं गांधी स्मारक संग्रहालय त्यांचं. १९६३ मध्ये ते पूर्ण झालं, तेव्हा त्यांनी जेमतेम तिशी ओलांडली होती. आपल्यापैकी बरेच जण त्या वयात टीम लीड होण्याची वाट बघत असतात! पेडर रोडजवळची कांचनजंगा ही उंच इमारत त्यांची, दादरचं पोर्तुगीज चर्च त्यांचं, पणजीची कला अकादमी त्यांची, पुणे विद्यापीठाच्या आवारातलं 'आयुका'ही त्यांचंच. यातल्या किमान एका वास्तूसमोरून तुम्ही नक्की गेला असाल, फक्त नाव माहीत नसेल.

या सगळ्यांत एक फंडा कॉमन आहे: आकाश. आपल्या हवेत बंद खोली हे काही एकमेव घर नाही, असं त्यांचं म्हणणं. अंगण, ओटा, गच्ची, पडवी ही सगळी घरंच. वर्षातले कितीतरी महिने आणि दिवसाचे कितीतरी तास माणूस उघड्यावर आरामात राहू शकतो आणि अशी जागा बांधायला फारसा खर्चही येत नाही. मग ती गरिबाला का मिळू नये? हा प्रश्न त्यांनी आयुष्यभर सोडला नाही.

तीन डोकी, एक नकाशा

१९६४. मुंबईचा विकास आराखडा जाहीर झाला आणि लोकांकडून सूचना-हरकती मागवल्या गेल्या. आपण अशी नोटीस पेपरात बघतो आणि पान उलटतो. तीन जणांनी उलटलं नाही. एक कोरिया. दुसऱ्या प्रवीणा मेहता, देशातल्या सुरुवातीच्या महिला आर्किटेक्ट्सपैकी एक. आणि तिसरे इंजिनीअर शिरीष पटेल, केम्प्स कॉर्नरचा, म्हणजे देशातला पहिला फ्लायओव्हर (१९६५) ज्यांनी डिझाइन केला ते. तिघंही तेव्हा तरुण, तिघांचेही स्वतःचे व्यवसाय. कुणीही त्यांना कामाला लावलं नव्हतं. क्लायंट नाही, फी नाही!

त्यांचं म्हणणं साधं होतं. मुंबई ही एक लांबट पट्टी आहे. ऑफिसं सगळी दक्षिण टोकाला, घरं उत्तरेला पळतायत. सकाळी सगळं शहर एका दिशेला धावतं आणि संध्याकाळी उलट्या. उत्तरेला अजून उपनगरं जोडत गेलात तर लोकलची गर्दी फक्त वाढत जाईल. (८.१७ च्या फास्टमध्ये लटकणाऱ्यांना हे वेगळं समजवायला नको.) त्यापेक्षा पूर्वेला बघा. खाडीपलीकडे मुख्य भूमी आहे, ठाणे-बेलापूर पट्ट्यात कारखाने आलेच आहेत, पूल होऊ घातलाय. तिथे नुसती झोपायला जायची कॉलनी करू नका. नोकऱ्यांसकट पूर्ण शहर करा. म्हणजे पट्टीचं वर्तुळ होईल आणि मधोमध बंदर असेल.

मुल्कराज आनंद संपादक असलेल्या 'मार्ग' या मासिकाने जून १९६५ मध्ये या विषयावर अख्खा अंक काढला. आणि मग सरकारी इतिहासात फार क्वचित घडणारी गोष्ट घडली: सरकारने ऐकलं. १७ मार्च १९७० रोजी सिडकोची स्थापना झाली. ३४४ चौरस किलोमीटर जमीन, २० नोड्स आणि २० लाख लोकांचं टार्गेट. कोरिया चीफ आर्किटेक्ट झाले आणि नियोजनापासून प्रत्यक्ष कामापर्यंतची जबाबदारी पटेलांकडे आली. टॉय ट्रेनवाल्या मुलाला आता खऱ्याखुऱ्या गाडीभोवती शहर आखायचं होतं.

आपले नोड्स म्हणजे त्या ट्रेनसेटचेच डबे समजा. रुळावर मणी ओवावेत तसे एकामागोमाग एक. प्रत्येकाचं स्टेशन, प्रत्येकाचा बाजार, शाळा चालत जाण्याच्या अंतरावर. सेक्टरचे आकडे आले ते इथून.

पिक्चर फ्लॉप कुठे झाला?

प्लॅनच्या मध्यभागी एक मोठी अट होती. सरकारने स्वतः खाडी ओलांडायची. मंत्रालय आणि मोठी सरकारी कार्यालयं नव्या शहरात आली की बँका येतील, वकील येतील, कंपन्या येतील, नोकऱ्या येतील. हा सगळ्या प्लॅनचा इंजिन डबा होता.

झालं काय? त्याच काळात दक्षिण मुंबईत समुद्रात भराव टाकून नरिमन पॉइंट उभं राहत होतं. म्हणजे एका हाताने गर्दी पूर्वेला न्यायची आणि दुसऱ्या हाताने दक्षिणेला ऑफिसांचे टॉवर बांधायचे. मंत्रालय हललं नाही. बेलापूरला कोकण भवन आलं, पण तेवढ्यावर राजधानी होत नसते. कोरियांनी शेवटी सिडकोचं पद सोडलं. पुढे या विषयावर ते जाहीरपणे बोलत राहिले, आणि गोड अजिबात बोलले नाहीत.

ट्रेनचीही तीच गत. खाडीपूल १९७३ मध्ये खुला झाला. मानखुर्दहून वाशीला पहिली लोकल आली १९९२ मध्ये. मधली १९ वर्षं इथल्या पहिल्या रहिवाशांनी बसच्या भरवशावर काढली. तुमच्या बिल्डिंगमधल्या साठी-सत्तरीच्या काका-काकूंना विचारा. रात्री उशिरा दादरहून वाशीला पोहोचणं म्हणजे काय असायचं, हे ते रंगवून सांगतील. बेलापूरला ट्रेन १९९३ मध्ये आणि पनवेलपर्यंत १९९८ मध्ये पोहोचली. ज्या शहराचा नकाशाच रेल्वेवर बेतला होता, त्याला रेल्वे एक पिढी उशिरा मिळाली.

कोरी पाटी? छे!

आता त्या लक्षात ठेवलेल्या गोष्टीकडे येऊ.

नकाशावरच्या ३४४ चौरस किलोमीटरमध्ये ९५ गावं होती. दिवाळे, करावे, सारसोळे, तुर्भे, घणसोली, जासई... भातशेती, मिठागरं आणि खाडीतली मासेमारी यावर जगणारी आगरी आणि कोळी कुटुंबं. ते तिथे पिढ्यान्‌पिढ्या होते. आपण ज्याला 'नवी' मुंबई म्हणतो, ती त्यांच्यासाठी जुनीच होती.

सिडकोचा आर्थिक फंडा ऐका. जमीन शेतीच्या भावाने घ्यायची. तिथे रस्ते, पाणी, गटारं आणायची. मग वाढलेल्या भावाने ती विकायची आणि त्या फायद्यातून शहर बांधायचं, शिवाय स्वस्त घरंही. जमिनीची वाढलेली किंमत सट्टेबाजाच्या खिशात न जाता शहराच्या कामी यावी, हा विचार तसा प्रामाणिक होता, पुरोगामीसुद्धा. पण त्यातलं पहिलं वाक्य पुन्हा वाचा: 'शेतीच्या भावाने घ्यायची.' ज्या फरकावर अख्खं शहर उभं राहणार होतं, तो फरक कुणाच्या शेतातून येत होता? ज्याची जमीन गेली त्याच्या.

हा प्रश्न विचारणारा माणूसही याच मातीतला होता. जासईचे दि. बा. पाटील, शेतकरी कामगार पक्षाचे नेते, आमदार, खासदार. जानेवारी १९८४ मध्ये उरण तालुक्यात त्यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी रस्त्यावर उतरले. पोलिसांनी गोळीबार केला. १६ आणि १७ जानेवारीच्या त्या दोन दिवसांत ५ आंदोलक हुतात्मा झाले. त्यानंतर पुढे आलं ते साडेबारा टक्क्यांचं तत्त्व: ज्याची जमीन घेतली, त्याला विकसित जमिनीतला साडेबारा टक्के वाटा. आज 'साडेबारा टक्के प्लॉट' हा शब्द आपण इस्टेट एजंटच्या तोंडून ऐकतो आणि त्यात स्टॅम्प ड्युटी किती एवढंच विचारतो. त्या आकड्यामागे ५ जणांचे जीव आहेत, हे ब्रोशरमध्ये छापलेलं नसतं.

मग कोरिया आणि मंडळी व्हिलन का? इतकं सोपं नाही हो ते. त्यांनी गावठाणं पुसून टाकली नाहीत, ती जागेवर ठेवली. म्हणूनच आजही सेक्टरच्या सरळ रेषा अचानक वळतात आणि आत गल्ली, देऊळ, जाळी वाळत टाकलेलं अंगण दिसतं. पण गावाभोवतीची शेती आणि मिठागरं गेली की गाव जागेवर राहूनही उपरं होतं. चांगल्या हेतूने काढलेला नकाशासुद्धा कुणाच्या तरी अंगणातून जातो. आखणाऱ्याला तो वरून दिसतो, अंगणवाल्याला खालून.

बेलापूरमधलं प्रायश्चित्त म्हणा हवं तर

१९८० च्या दशकात कोरिया पुन्हा नवी मुंबईत आले, या वेळी एका छोट्या कामासाठी. बेलापूरच्या डोंगराच्या पायथ्याशी, सेक्टर ८ मध्ये, साधारण साडेपाच हेक्टर जागा. साडेपाचशेच्या आसपास कुटुंबांची वस्ती. आर्टिस्ट्स व्हिलेज. १९८३ ते १९८६ या काळातलं हे काम, आणि आज जगभरातल्या आर्किटेक्चर कॉलेजांत ते शिकवलं जातं. आपण मात्र रिक्षाने त्याच्या बाजूने मॉलला जातो.

आयडिया बघा. सात घरं, मध्ये ८ मीटर बाय ८ मीटरचं एक अंगण. असे तीन गट मिळून २१ घरं आणि त्यांच्यात थोडं मोठं अंगण. असं वाढत वाढत अख्खी वस्ती. मोठी लिफ्ट नाही, पोडियम नाही, तळमजला आणि फार तर वर एक मजला. तरीही कमी जागेत भरपूर माणसं मावतात. प्रत्येकाला स्वतःची जमीन आणि तिच्यावर स्वतःचं आकाश, मग प्लॉट ४५ चौरस मीटरचा असो की ७५ चा. इथे गंमत आहे: गरीब आणि मध्यमवर्गीय यांच्या प्लॉटमध्ये फरक फक्त एवढाच.

आणि सगळ्यात भारी गोष्ट म्हणजे, दोन घरांची भिंत कॉमन नाही. का? तर शेजाऱ्याला न विचारता तुम्हाला घर वाढवता यावं म्हणून. आज पगार कमी आहे, एक खोली बांधा. प्रमोशन झालं, दुसरी काढा. मुलं झाली, वर चढवा. बांधकामही असं साधं, की गावातल्या गवंड्याला जमावं. वीस वर्षांचा ईएमआय पहिल्याच दिवशी गळ्यात अडकवून घेणाऱ्या आपल्या पिढीने या वाक्यापाशी दोन मिनिटं थांबायला हरकत नाही. घर हे एकदम विकत घ्यायचं प्रॉडक्ट नाही, ते आयुष्याबरोबर वाढतं, हे कुणीतरी आपल्याच शहरात बांधून दाखवलं होतं.

आज तिथे गेलात तर मूळची उतरत्या छपराची छोटी घरं फार थोडी सापडतील. बऱ्याच ठिकाणी ती पाडून तीनमजली बंगले आलेत, गच्चीवर टाइल्स, गेटवर सीसीटीव्ही. आर्किटेक्चरचे विद्यार्थी ते पाहून हळहळतात. मला मात्र वाटतं, डाव इतकाही हरलेला नाही. लोकांना घर वाढवता यावं म्हणूनच तर ते तसं आखलं होतं! लोकांनी वाढवलं. फक्त आखणाऱ्याच्या आवडीनिवडीप्रमाणे नाही. आणि अंगणं? ती बरीचशी तशीच आहेत. संध्याकाळी तिथे अजून क्रिकेट चालतं, आणि चेंडू कुणाच्या काचेवर गेला यावरून भांडणंही.

मग हिशोब काय?

कोरियांना पुरस्कार भरपूर मिळाले. १९८४ मध्ये ब्रिटनच्या आर्किटेक्ट्सच्या संस्थेचं, रिबाचं, रॉयल गोल्ड मेडल, २००६ मध्ये पद्मविभूषण. १९९६ मध्ये मुंबईतल्या गिरण्यांच्या जमिनींचं काय करावं हे सुचवणाऱ्या समितीचे ते अध्यक्ष होते. त्या अहवालाचं काय झालं हे परळच्या टॉवर्सकडे बघून कळतं. १६ जून २०१५ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. शिरीष पटेल डिसेंबर २०२४ मध्ये गेले, तोपर्यंत ते शहरात गर्दी किती वाढवावी यावर लिहीत होते. दि. बा. पाटील २०१३ मध्ये गेले.

आणि त्यांचं शहर? २०११ च्या जनगणनेत एकट्या महापालिका हद्दीत ११ लाखांवर माणसं होती. २०२३ मध्ये बेलापूर-पेंधर मेट्रो सुरू झाली, जानेवारी २०२४ मध्ये शिवडीहून अटल सेतू आला, ८ ऑक्टोबर २०२५ ला विमानतळाचं उद्घाटन झालं. दि. बा. पाटलांचं नाव त्या विमानतळाला मिळावं म्हणून इथल्या गावांनी मोठं आंदोलन केलं होतं, तेही उगाच नव्हे. नकाशावर आपलं नाव असावं, एवढीच तर मागणी होती.

आता आजूबाजूला बघा. सिडकोच्या जुन्या चार मजली बिल्डिंगा पाडून चाळीस मजली टॉवर येतायत. उलवे, द्रोणागिरी, पनवेल... नवीन नकाशे रोज निघतायत. साइट व्हिजिटला गेलात की सेल्सचा स्मार्ट मुलगा टायवर हात फिरवत 'सर, हे सगळं मास्टर-प्लॅन्ड आहे' म्हणेल. तेव्हा कॉफी घेत घेत त्याला तीन प्रश्न विचारा. एक, ऑफिस इथे येणार आहे की फक्त मी येणार? दोन, स्टेशन चालत किती मिनिटं, आणि ते आधी होणार की बिल्डिंग? तीन, ही जमीन आधी कुणाची होती आणि ते लोक आता कुठे राहतात? पहिले दोन प्रश्न कोरियांचे. तिसरा दिबांचा. तिन्हींची उत्तरं मिळाली तर बुकिंगचा चेक फाडायला हरकत नाही.

आणि हो, या रविवारी मॉल कॅन्सल. हार्बरने बेलापूरला उतरा, रिक्षा करा, सेक्टर ८ सांगा आणि आर्टिस्ट्स व्हिलेजमध्ये पायी फिरा. अंगणं मोजा. एखादं उतरत्या छपराचं मूळ घर सापडलं तर लांबूनच बघा, लोक राहतात तिथे. येताना बेलापूर गावातून किंवा दिवाळ्याच्या मासळी बाजारातून या, आणि आगरी जेवण मिळालं तर सोडू नका. शहर आखणारे आणि शहराआधीपासून इथे असलेले, दोघांचा पत्ता एकाच दुपारी कळेल. सेक्टर नंबरशिवाय.